शरणम्माची अर्धी गवाही

शरणम्मानं एकाच गोष्टीची गवाही दोनदा दिली. पहिल्यांदा दोन हजार दहा साली, लातूरच्या कोर्टात. दुसऱ्यांदा त्यानंतर अकरा वर्षांनी, टीव्हीवाल्यांच्या कॅमेऱ्यासमोर. पहिल्या वेळी तिला पिंजऱ्यात उभं राहून चार तास उलटसुलट प्रश्न सोसावे लागले, पण घरी येताना तिची मान ताठ होती. दुसऱ्या वेळी तिला खुर्ची दिली, पाणी दिलं, मावशी मावशी म्हणून पाया पडले, आणि त्यातून जे निघालं त्यानं तिच्या अंगाची लाही लाही झाली.

शरणम्मा तेरणा काठच्या एका गावची. बाप सिद्रामप्पा, आई गौरम्मा, घरची थोडी जमीन, दगडमातीचं माळवदाचं घर. त्र्याण्णवच्या भूकंपात ते घर बसलं तेव्हा शरणम्मा एकोणीस वर्षांची होती. आईबाप गेले. ती दोन तुळयांच्या बेचक्यात अडकली आणि हाताला लागलेल्या पितळी तांब्यानं दगडावर ठोकत राहिली. दिवस वर आल्यावर शेजारच्या गावचा कुणी अनोळखी माणूस त्या ढिगाऱ्यावरून चालला होता. त्याला ठोका ऐकू आला. त्यानं बाकीच्यांना गप्प केलं, कान लावला आणि हातानं दगड काढायला लागला. त्याचं नाव शरणम्माला शेवटपर्यंत कळलं नाही. पण तेव्हापासून तिला एक सवय लागली. कुठं काही पडलं, कुणी ओरडलं, की हातातलं काम थांबवून ती कान द्यायची. नवरा मल्लिनाथ यावरून तिची चेष्टा करायचा.

मल्लिनाथ लातूरच्या एका डाळ मिलमध्ये मशीनवर होता. पंच्याण्णवला लग्न होऊन ती भूकंपग्रस्तांच्या पत्र्याच्या शेडमधून सरळ लातूरला आली. मूलबाळ झालं नाही. त्याच सुमारास लातुरात क्लासचं वारं सुटलं होतं. नांदेडपासून बीडपर्यंतची पोरं डॉक्टर व्हायला लातूर गाठत होती, आणि गल्लोगल्ली माळ्यांवर माळे चढत होते. शरणम्मानं एका दोन मजली इमारतीचा खालचा गाळा भाड्यानं घेतला आणि मेस घातली. वरच्या मजल्यावर पोरी कॉट बेसिसवर राहायच्या. म्हणजे खोली चौघींची, भाडं खाटेचं. वरचा कारभार इमारतीच्या मालकाचा मेव्हणा बघायचा. पाणी, वीज, कुलपं, किल्ल्या सगळं त्याच्याकडं.

शिवकन्या तिथलीच. धर्माबादच्या पलीकडं, तेलंगणाच्या शिवेजवळच्या गावची. बाप लक्ष्मणराव, आई रुक्मिणबाई, दोघं स्वतःची थोडी हळद करून उरलेले दिवस दुसऱ्याच्या शेतात जायचे. पोरगी सतरा वर्षांची होती, बारावीला. बोलताना मध्येच तेलुगू शब्द घालायची आणि बाकीच्या पोरी हसल्या की आपणही हसायची. शरणम्माच्या हातची शेंगदाण्याची चटणी तिला इतकी आवडायची की भात नको म्हणायची आणि चटणीवर भाकरी खायची.

दोन हजार आठच्या फेब्रुवारीतला रविवार होता, दुपारचे तीन वाजले होते. सगळ्या पोरी क्लासच्या चाचणीला गेल्या होत्या. शिवकन्येला ताप होता म्हणून ती एकटी वर झोपली होती. खाली शरणम्मा चटणीसाठी मिरच्या भाजत होती. स्वयंपाकघराची खिडकी मागच्या बोळकांडीत उघडायची आणि धूर तिथून सरळ वर पोरींच्या खोल्यांत जायचा. दर वेळी वरून खोकल्याचा, ओरडण्याचा आवाज यायचा. मावशी, ठसका! असं कुणीतरी ओरडायचंच, आणि शरणम्मा खिडकी लावून घ्यायची.

त्या दिवशीही वरून आवाज आला. काहीतरी आपटलं, आणि एक ओरडणं आलं, अर्धवट. शरणम्मानं झारा थांबवला. कान दिला. परत काही आलं नाही. तिला वाटलं, आजारी पोरीला ठसका लागला. तिला त्रास नको म्हणून तिनं हात लांब करून खिडकी लावून घेतली.

खिडकी लावली आणि सगळा धूर आत कोंडला. डोळ्यांतून पाणी, घशात आग. ती पदर तोंडाला लावून पुढच्या दारात, पायरीवर आली. म्हणूनच तिला तो दिसला. मालकाचा मेव्हणा जिन्यावरून खाली येत होता, शर्टाची बाही भिजलेली, हातात किल्ल्यांचा जुडगा. तिच्याकडं न बघता त्यानं मोटारसायकल काढली आणि गेला. तासाभरानं शरणम्मा शिवकन्येसाठी गरम पेज घेऊन वर गेली. दाराला बाहेरून कडी होती. ती काढून आत गेली तेव्हा शिवकन्या जिवंत नव्हती.

त्यानं पोलिसांना सांगितलं की सकाळपासून आपण औशाला होतो. तसं सांगणारे दोन साक्षीदारही उभे केले. तो त्या वेळी जिन्यावर होता हे सांगणारं माणूस एकच होतं.

पुढच्या दोन वर्षांत शरणम्माला गाळा सोडावा लागला. मल्लिनाथची मिलमधली नोकरी गेली. मालकानं आधी गोडीनं, मग गुंड पाठवून सांगून पाहिलं की बाई, तुला धुरात नीट दिसलं नसेल. ती बधली नाही. सरकारी वकील बापूसाहेब म्हणून होते, त्यांनी तिला एवढंच सांगितलं होतं की जे झालं ते सगळं सांगा, आपल्याला अडचणीचं असलं तरी सांगा. तिनं सांगितलं. खिडकीचंही सांगितलं. आरोपीच्या वकिलानं तेच धरलं. डोळ्यांत मिरचीचा धूर असताना तुम्हाला माणूस कसा ओळखू आला, म्हणून त्यानं तासभर खेळवलं.

"धूर व्हता म्हणून तर मी दारात आले," शरणम्मा म्हणाली. "खिडकी लावली नसती तर मी चुलीपाशीच असते. मग मला कोनीच दिसलं नसतं."

जबानी संपल्यावर टंकलेखन करणाऱ्या बाईंनी ती सगळी तिला वाचून दाखवली. एका ठिकाणी 'जिन्यावर' ऐवजी 'जिन्याजवळ' पडलं होतं. शरणम्मानं हात वर केला. न्यायाधीशांनी थांबून ते दुरुस्त करून घेतलं, मग तिची सही घेतली. निकालात तिच्या त्या धुराच्या वाक्याला मोठं वजन मिळालं आणि मेव्हण्याला जन्मठेप झाली. पुढं वरच्या कोर्टातही ती कायम राहिली.

त्या सगळ्या तारखांना कोर्टाच्या व्हरांड्यात शरणम्मा आणि रुक्मिणबाई शेजारी शेजारी बसायच्या. एका फडक्यातली भाकरी दोघी खायच्या. रुक्मिणबाई तिला अक्का म्हणायची. पण रुक्मिणबाईची स्वतःची साक्ष व्हायची होती, म्हणून शरणम्माची जबानी चालली तेव्हा तिला बाहेर बसवलं होतं. खिडकीचं तिनं ऐकलं नव्हतं. शरणम्मा तिला आज सांगू, उद्या सांगू करत राहिली.

इरा पहिल्यांदा आली ती दोन हजार एकवीसच्या दिवाळीनंतर. पुण्याची पोरगी, गोड बोलायची. एका हिंदी वाहिनीसाठी खऱ्या गुन्ह्यांवर मालिका करत होते ते. शरणम्माची तोवर नव्या बोळात पुन्हा मेस उभी राहिली होती, वर तीन खोल्या होत्या आणि त्या आता तिच्याच ताब्यात होत्या. दूरदूरचे आईबाप मुद्दाम तिच्याकडं पोरी ठेवायचे. लातुरात मुलीला ठेवायचं तर शरणम्माकडं, अशी तिची कीर्ती होती, आणि ती त्या गवाहीनं मिळवलेली होती.

शरणम्मानं आधी नाहीच म्हटलं. इरा चार वेळा आली. धर्माबादची मंडळी बोलली आहेत, आता तुम्ही बोलला नाहीत तर गोष्ट अर्धी राहील, असं म्हणाली. शिवकन्येसाठी बोला म्हणाली. या शब्दावर शरणम्मा वाकली. इरानं एक इंग्रजी कागद पुढं केला, हा नेहमीचाच असतो म्हणाली, आणि शरणम्मानं सही केली.

दिग्दर्शकाचं नाव मिहिर. त्याला घाई फार. त्यानं दोन दिवस शूटिंग केलं. पहिल्या दिवशी तिला जुन्या गावठाणात नेलं. आता तिथं बाभळी आहेत आणि जोत्यांचे दगड. त्यांच्यामधून तिला तीन वेळा चालायला लावलं, एकदा पदर डोक्यावर घेऊन, दोनदा न घेता. तिनं भूकंपाचं सगळं सांगितलं. तांब्याचं, त्या अनोळखी माणसाचं, तेव्हापासून लागलेल्या कान देण्याच्या सवयीचं. दुसऱ्या दिवशी स्वयंपाकघरात मिरच्या भाजायला लावल्या. ती खिडकी ही नव्हे, ती इमारत पाडून तिथं चार मजली क्लास झालाय, असं ती सांगत होती. मिहिर म्हणाला चालतंय, आणि खिडकी लावायला सांगितली. मग परत एकदा, जरा सावकाश. मग परत, फक्त हात. त्या दोन दिवसांत ती सात तास बोलली असेल. पायरीचं, जिन्याचं, भिजलेल्या बाहीचं, कोर्टाचं. इरा मधूनमधून डोळे पुसत होती.

मार्चमधल्या एका शनिवारी कार्यक्रम लागला. शरणम्मानं पोरींची जेवणं लवकर उरकली. इरकल नेसून ती टीव्हीसमोर बसली. मल्लिनाथ दारातल्या खुर्चीत होता, बाराही पोरी पुस्तकं मिटून खाली आल्या होत्या.

रुक्मिणबाई दिसली. मांडीवर पोरीचा फोटो घेऊन रडत होती. मग लातूर वरून दिसलं, मग जोत्यांचे दगड आणि त्यातून चालणारी शरणम्मा. तिचं तोंड हलत होतं, पण आवाज बारीक केलेला आणि वरून कुणा दुसऱ्याच बाईचा हुंदके देणारा हिंदी आवाज. पाठोपाठ निवेदकाचा जाड आवाज आला. भूकंपानं या बाईचं सगळं हिरावून नेलं, असं तो हिंदीत म्हणाला. कदाचित तिच्या काळजाचाही तेव्हाच दगड झाला असावा, असं म्हणाला.

मावशीला टीव्हीवर बघून पोरी हसत होत्या, त्या हसायच्या थांबल्या.

मग एक नटी दिसली. शरणम्मासारखंच लुगडं, कपाळावर विभूती. वरून किंचाळी येते. एकदा, दोनदा, तीनदा. नटी वर बघते. तिला सगळं कळतं असं तिच्या तोंडावरून दिसतं. मग ती हात लांब करते आणि सावकाश खिडकी लावून घेते. लगेच खरी शरणम्मा दिसते, आणि तिच्या तोंडी तिचंच वाक्य, या वेळी तिच्याच आवाजात: "मी ऐकलं. ऐकलं आणि खिडकी लावून घेतली."

तिथं ते थांबलं. जाहिरात लागली. जाहिरातीनंतर एका इन्स्पेक्टरचं काम करणाऱ्या नटानं मोबाइलच्या नोंदींवरून आरोपी पकडला. पायरी नव्हती, जिना नव्हता, कोर्टाचा पिंजरा नव्हता. शेवटी निवेदक म्हणाला, की आपल्या आजूबाजूला अशा किती खिडक्या वेळेवर बंद होतात.

किनवटची एक पोरगी होती, तिनं हळूच विचारलं, "मावशी, असंच झालं होतं?"

शरणम्मानं उठून टीव्ही बंद केला. सगळं खोटं म्हणावं तर ते वाक्य तिचंच होतं. खरं म्हणावं तर काय राहिलं? आयुष्यातलं सगळ्यात जड वाक्य तिनं आपण होऊन त्यांच्या ओंजळीत ठेवलं होतं, आणि त्यांनी नेमकं तेच उचलून बाकीचं टाकून दिलं होतं.

"उद्या बोलू," मल्लिनाथ पोरींना म्हणाला. त्या वर गेल्यावर तो तिला म्हणाला की जाऊ दे, लोक दोन दिवसांत विसरतेत.

"तुमी जाऊ द्या," ती म्हणाली. "माझी नोकरी न्हाई गेली, तुमची गेली. गुंड तुमच्या दारात आले. आन ह्यांनी म्हनावं माझ्या काळजाचा दगड झाला? दगडाखाली मी व्हते. मला ठावं हाय दगड काय असतो ते."

रविवारी सकाळपासून आईबापांचे फोन सुरू झाले. काहींनी आडून विचारलं, काहींनी विचारलंही नाही, नुसतं सांगितलं की पोरीला मामाकडं हलवतोय. आठवडाभरात बारातल्या सात गेल्या. किराणा दुकानात बायका बोलायच्या थांबायच्या. शरणम्मा इराला रोज फोन करत होती. घंटी वाजायची आणि बंद व्हायची. मिहिरचा नंबर लागतच नव्हता. ती भाकरी थापताना इतक्या जोरानं थापायची की पोळपाटाचा एक पाय मोडला.

दहाव्या दिवशी ती बापूसाहेबांकडं गेली. ते आता निवृत्त होते, गुडघ्याला पट्टा बांधून झोपाळ्यावर बसलेले. त्यांनी कार्यक्रम पाहिला होता. ते शांत माणूस, पण त्या दिवशी त्यांचाही आवाज चढला. म्हणाले, मी त्या दिग्दर्शक मुलाशी तासभर बोललो, निकालाचा परिच्छेद काढून दाखवला, त्यातलं एक अक्षर घेतलं नाही. त्यांनी नोटीस लिहून पाठवली आणि शरणम्माला कोर्टातून तिच्या जबानीची नक्कल काढून दिली. नऊ पानं, प्रत्येक पानावर शिक्का.

नक्कल हातात आल्यावर तिनं पहिला विचार केला तो रुक्मिणबाईचा. तिनं तरी खरं ऐकावं. दुसऱ्या दिवशी पहाटेची एसटी धरून ती नांदेडला गेली आणि तिथून दुसऱ्या गाडीनं धर्माबादवरून रुक्मिणबाईच्या गावी. वाटेत तिनं मनात सगळं जुळवून ठेवलं होतं. दोघी मिळून त्या लोकांना शिव्या घालू, दोघींच्या सह्यांचं पत्र करू. तिला वाटत होतं की रुक्मिणबाईही तिच्यासारखीच पेटलेली असेल.

रुक्मिणबाई पेटलेलीच होती. अंगणात उकडलेली हळद पसरत होती. शरणम्माला बघून ती उठली नाही, ये म्हणाली नाही. लक्ष्मणरावांनीच बाज पुढं केली. शरणम्मा टीव्हीवाल्यांविषयी बोलायला लागली. कसा आवाज बदलला, कशी नटी दाखवली, काय काय गाळलं. बरंच बोलली. रुक्मिणबाई हळद पसरत राहिली, आणि मग खाली बघतच म्हणाली,

"खिडकी तू लावली का न्हाई?"

"लावली."

"मग ते मला टीव्हीनं का सांगावं?" आता तिनं वर बघितलं. "दोन वर्सं माझ्या बाजूला बसून भाकर खाल्लीस. मी तुला अक्का म्हनले. कोर्टाला सांगितलंस, वकिलाला सांगितलंस, त्या पुन्याच्या पोरीला सांगितलंस. सारी दुनिया ऐकल्यावर मी ऐकलं. माझ्या लेकराचं शेवटचं वरडनं कोनी ऐकलं व्हतं, हे मला चौदा वर्सांनी कळावं का?"

शरणम्मा आली होती ती दुसऱ्याविषयीचा राग घेऊन. हा राग तिच्यावरचा होता आणि तो खोटा नव्हता. तिनं जुळवून आणलेलं सगळं विस्कटलं.

"जीभ रेटली न्हाई," ती म्हणाली. "दर तारखेला वाटायचं आज सांगावं. तू भाकर मोडून पुढं करायचीस, आन माझं तोंड बंद व्हायचं."

मग रुक्मिणबाईनं पिवळे हात पदराला पुसले आणि कागद वाच म्हणाली. शरणम्मा चौथी शिकलेली. तिनं बोट ठेवून नऊच्या नऊ पानं वाचली. खिडकीचं वाक्य आलं तेव्हा रुक्मिणबाईनं ते परत वाचायला लावलं. मग त्यापुढचं, धुरामुळं मी दारात आले, हेही दोनदा वाचायला लावलं. वाचून झालं तेव्हा लक्ष्मणराव भिंतीकडं तोंड करून बसले होते.

"तिला ठसका सोसायचा न्हाई," रुक्मिणबाई म्हणाली. "नानपनापासून. मिरची भाजायची तर मी तिला शेजारी धाडायची." थोड्या वेळानं म्हणाली, "मला त्यांनी फोटो मांडीवर घे म्हनले. मी तो फोटो पेटीत ठिवलाय, बघतच नसते. बघा बघा म्हनले. रडू येईपर्यंत ते मशीन चालूच ठिवलं. रडले तवा थँक्यू म्हनले."

शरणम्मानं पत्राचा विषय काढला. दोघींनी सही करू म्हणाली. रुक्मिणबाईनं मान हलवली.

"माझं नाव आता कुटंच नको. तू खोटी न्हाईस, हे मला कळलं. तू न्हाई बघितलं असतं तर तो सुटला असता, हेबी कळतंय. पन तुझं तोंड बघितलं की मला आता ती खिडकीच दिसंल. जा तू. परत येऊ नको."

लक्ष्मणराव स्टँडपर्यंत तिची पिशवी घेऊन आले. गाडी सुटताना त्यांनी खिडकीतून पाण्याची बाटली आत दिली.

वाहिनीचं उत्तर मेमध्ये आलं. बापूसाहेबांनी ते मराठीत करून सांगितलं. कार्यक्रम खऱ्या घटनेवर आधारित नाट्यरूपांतर आहे, सुरुवातीला तशी पाटी दाखवलेली आहे, बाईंनी सही केलेल्या कागदात संकलनाचे सगळे हक्क कंपनीला दिलेले आहेत, आणि बाईंचं वाक्य बाईंच्याच तोंडचं आहे. खटला भरता येईल, बापूसाहेब म्हणाले, मुंबईला भरावा लागेल, वर्षं जातील. शरणम्मा म्हणाली की एका खटल्यात माझी दोन वर्षं गेली, त्याचं मला वाईट वाटत नाही, पण या लोकांना माझं आणखी एक वर्षही द्यायचं नाही.

मग जूनच्या सुरुवातीला, नोटिशीमुळं असेल किंवा आणखी कशानं, इराचा स्वतःहून फोन आला. आवाज तसाच गोड. लोकांचा खूप प्रतिसाद आहे, दुसरा भाग करायचं चाललंय, त्यात साक्षीदाराची बाजू घेऊ, तुम्हाला जे म्हणायचं ते सगळं म्हणा, असं ती म्हणाली.

शरणम्मानं कणकेचा हात पुसून फोन नीट धरला. "मी बोलले की ते मला वाचून दाखवशील का? कोर्टात दाखवलं व्हतं. येक शब्द चुकला व्हता तर साहेबानं थांबून दुरुस्त केला."

इरा गडबडली. म्हणाली, "मावशी, एडिटिंग माझ्या हातात नसतं हो."

"मग तुझ्या हातात काय असतं? माझ्या दारात चारदा कोन आलं व्हतं? शिवकन्येचं नाव कोनी घेतलं व्हतं?"

मग इरा हळूच म्हणाली की मी त्यांना सांगितलं होतं, ते पुढचं ठेवा म्हणून. तिच्या आवाजातलं रडू या वेळी खरं असावं. शरणम्माला त्याची कीव आली नाही.

"सांगितलं व्हतंस तर माझा फोन का उचलला न्हाईस?" ती म्हणाली. "माझं वाक्य खरं हाय, म्हनून मी त्याला भीत न्हाई. तुमच्या मशीनला मात्र मी आता येक शब्द देनार न्हाई. पोरी, तू बी तिथून निघ." आणि तिनं फोन ठेवला.

जूनमध्ये नव्या पोरींचे आईबाप खोल्या बघत फिरायला लागले. मल्लिनाथचं म्हणणं होतं की ज्यांना माहीत नाही त्यांना कशाला सांगायचं. शरणम्मानं ऐकलं नाही. पहिला आला तो अर्धापूरकडचा, केळीच्या बागा असलेला माणूस, सोबत चष्मेवाली मुलगी. खोली त्याला आवडली, मुलीला खाट आवडली. शरणम्मानं दोघांना खाली बसवलं, चहा दिला, आणि सांगायला लागली. रविवार, ताप, मिरच्या, वरचा आवाज, आणि आपण लावलेली खिडकी. तिथं ती थांबली नाही. धूर, पायरी, जिना, कोर्ट, धर्माबादच्या अंगणात आपण ऐकलेलं, सगळं सांगितलं. शेवटी म्हणाली की हे तुम्ही टीव्हीवर बघाल किंवा कुणाकडून ऐकाल, त्याआधी माझ्याकडून ऐका आणि मग ठरवा.

बाप खाली बघत बसला. चहा त्यानं अर्धा प्यायला. मग विचार करून कळवतो म्हणाला आणि मुलीला घेऊन उठला. दारात मुलीनं मागं वळून बघितलं, पण बापानं तिचं दप्तर धरून तिला पुढं घेतलं. तो परत येणार नाही हे शरणम्माला कळलं होतं.

मल्लिनाथनं डोक्याला हात लावला. शरणम्मानं अर्धा चहा मोरीत ओतला, कप विसळला. बाहेर पायरीवर निलंग्याचे नवरा-बायको चपला काढत होते, त्यांची मुलगी पिशव्या सांभाळत उभी होती. शरणम्मानं पदर नीट केला, त्यांना आत बोलावलं, बसायला सांगितलं, आणि पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली.